लाल बांधणीतल्या अंकांचा भाव

"यातल्या एकाही अंकाला मुखपृष्ठ नाही," मी म्हणालो. समोर दोघे भाऊ बसले होते. त्यांच्यापैकी कुणाकडेच मला बघवेना.

जामखेडजवळच्या एका वस्तीवर, लिंबाखाली घोंगडी टाकून आम्ही बसलो होतो. मध्ये एक पत्र्याची ट्रंक. तिच्यात लाल कापडी बांधणीचे जाड जाड खंड, प्रत्येकाच्या पाठीवर सोनेरी अक्षरांत वडिलांचं नाव. आत अमेरिकेत छापलेले रंगीत कॉमिकचे जुने अंक. त्यांचा बाजारभाव सांगायला मला नगरहून नेलं होतं. नगरला माझं जुन्या पुस्तकांचं दुकान होतं. लोक मला रद्दीवाला म्हणत. त्याचा मला राग येई, अजूनही येतो.

आता जामखेडच्या माळावर अमेरिकेचे कॉमिक आले कुठून? या भावांचे वडील, अण्णा, भिंगारच्या छावणीत साहेबांच्या मेसमध्ये वाढपी होते. इंग्रज निघाले तेव्हा जड सामान नोकरांत वाटून गेले. कुणी खुर्ची घेतली, कुणी कपबशा. यांनी हे अंक मागून घेतले, कारण घरी दोन पोरं होती. इंग्रजी कुणालाच येत नव्हतं. बाप चित्रं दाखवायचा आणि मनाला येईल ती गोष्ट सांगायचा. रंगनाथ आणि सोपान त्या गोष्टींवर वाढले.

रंगनाथ थोरला. शिकला नाही, शेती सांभाळली. सोपान धाकटा. नगरला कारकून, बायको आणि तीन पोरांसह एका भाड्याच्या खोलीत राहायचा. वर्ष दुष्काळाचं होतं. वडील नुकतेच वारले होते आणि आज वाटणी होती.

त्यांच्यात वाटणीची रीत अशी, की थोरल्यानं वाटे पाडायचे आणि धाकट्यानं आधी उचलायचा. त्यामुळे थोरला सहसा लबाडी करत नाही. केली तर त्याच्याच अंगाशी येते. वाट्यांची खूण म्हणून रंगनाथनं दोन नारळ मांडले होते. एक नारळ विहिरीखालच्या रानाचा. दुसरा माळाचं कोरडं रान आणि ही ट्रंक यांचा. एकदा मांडलेला वाटा फिरवायचा नाही.

हे वाटे त्यानं पुष्कळ विचार करून पाडले होते. दोन वर्षांपूर्वी मुंबईचा एक व्यापारी हे अंक बघून गेला होता. परदेशी गिऱ्हाइकांसाठी तो असला माल घेई. अंक तेव्हा सुटे होते. त्यानं आठ हजार देऊ केले. "मी हाय तोवर न्हाई," असं म्हणून वडिलांनी त्याला चहा पाजून वाटेला लावलं. रंगनाथचा हिशेब सरळ होता. राबणाऱ्याला विहीर राहील, नोकरीवाल्याला ट्रंक विकून नगरला दोन खोल्या बांधता येतील. सोपानलाही ते मान्य होतं. फक्त नारळ उचलण्याआधी एकदा जाणकाराला दाखवू, एवढं त्यानं मामांना सांगितलं. मामा म्हणजे त्यांच्या आईचे भाऊ, वाटणीचे पंच. म्हणून मी.

कॉमिकचा भाव कसा ठरतो, ते थोडक्यात सांगतो. विकत घेणारा ते वाचायला घेत नाही, ठेवायला घेतो. त्याला अंक छापखान्यातून निघाला तसा हवा. वरचं रंगीत पान हवं, मधल्या पिना मूळच्या हव्यात, कडा न कापलेल्या हव्यात. याला आम्ही कंडिशन म्हणतो. निम्म्याहून जास्त भाव मुखपृष्ठाचा असतो. ते गेलं की उरते ती चित्रांची रद्दी.

आणि आपल्याकडचा बाइंडर काय करतो? शाळेच्या वाचनालयातले मासिकांचे अंक बांधतो, तसंच सगळं बांधतो. मुखपृष्ठं आणि जाहिराती काढतो, पिना उपटतो, दोऱ्यानं शिवतो, तिन्ही कडा यंत्रावर साफ कापतो. त्याच्या लेखी ते उत्तम काम. हे खंड उत्तमच बांधलेले होते. बघून मला रडू यायचं बाकी राहिलं.

"मग किती येतील?" सोपाननं विचारलं.

"भाव वरच्या पानांचा असतो, ती गेली. आता साठ-सत्तर रुपये. तेही वाचायला कुणी घेतले तर."

"खंडाला?"

"सगळ्यांचे मिळून."

मामांनी तंबाखू मळता मळता हात थांबवला. तेवढ्यात आतून चहा आला आणि पुढचं सांगायचं सोडून मी कप घेतला.

"दादा, वरची पानं कुठं गेली?" सोपाननं हळूच विचारलं.

"मला काय ठावं? बाइंडरला दिली, तशी बांधून आली. अण्णांच्या हातचं हुतं, पोरं फाडतील म्हनून बांधली. जामखेडला चार खेपा मारल्या मी."

"हे साहेब म्हणतात, भाव वरच्या पानांचाच होता. ती विकली असशील तर आत्ताच सांग."

रंगनाथ एकदम पांढरा पडला. "मी? मी इकली?"

"भाव तुला ठाऊक होता. मुंबईवाला आला तेव्हा तू इथंच होतास. पानं त्याला, पुठ्ठे मला आणि विहीर तुला."

"सोपाना, जीभ आवर," मामा म्हणाले.

"मामा, मग पानं कुठं हाईत ते त्याला सांगू द्या की!" सोपानची नगरची भाषा एवढ्यात सुटली होती.

रंगनाथ नुसता माझ्याकडे बघत राहिला. त्या माणसाची मला फार दया आली.

मी एक खंड मांडीवर घेतला. वरचा पुठ्ठा जरा जास्तच जाड वाटला. त्या दिवसांत तयार पुठ्ठा मिळायची मारामार होती. बरेच बाइंडर हाताशी असलेले कागद खळीनं एकावर एक चिकटवून पुठ्ठा घरीच करत. मी मामांकडे चाकू मागितला. कापड कडेनं चिरलं, पाण्याचा हात फिरवला आणि थर सोडवायला लागलो. पहिला थर वर्तमानपत्राचा. दुसरा कुठल्या तरी पावतीपुस्तकाचा. त्याच्या खाली लाल-निळा रंग दिसला. उडत्या माणसाचा निम्मा चेहरा, चाकूनं सरळ कापलेला. त्याखाली दुसरं मुखपृष्ठ, मग तिसरं.

"पानं इथंच आहेत," मी म्हणालो. "बाइंडरनं पुठ्ठ्यात घातली. रंगनाथला कळायचं कारणच नव्हतं."

"सोडवून घेतली तर?" मामांनी विचारलं.

"कापलेली आहेत. काही उपयोग नाही."

सोपाननं तो अर्धा चेहरा हातात घेतला आणि परत पुठ्ठ्यावर ठेवला. रीतीप्रमाणे पहिला हात त्याचा होता. विहिरीचा नारळ उचलला असता तर त्याला नावं ठेवायला कुणी आलं नसतं. पण मग रंगनाथच्या घरानं खायचं काय? सोपान बसल्या जागेवरून पुढं सरकला आणि त्यानं माळाचा नारळ उचलला. नगरच्या दोन खोल्या तिथंच संपल्या.

"चुकलं माझं, दादा," तो म्हणाला.

रंगनाथनं विहिरीचा नारळ उचलला नाही. तो मग म्हणाला, "उचललास, लई चांगलं केलंस. पर पुठ्ठा फाडल्यावर उचललास, सोपाना."

मामांनी दोघांना जेवायला बसवलं. रंगनाथनं ताटावर बसून नुसतं पाणी घेतलं. मी माझी फी घेतली नाही. मागायला तोंड नव्हतं. पुढं मामा कधी दुकानावर आले की सांगत, भाऊ लग्नाकार्याला एकमेकांकडे जातात, बोलतातही. सोपान अजून त्याच खोलीत होता.

त्यानंतर मी पुष्कळ घरांतल्या पुस्तकांचे भाव सांगितले. माल खराब असला की आधी तो कशानं खराब झाला ते सांगतो, मग आकडा. आणि दोन्ही सांगून होईपर्यंत चहाला हात लावत नाही.