तीन कवड्यांचा तिनकोडी

सियालदह रेल्वे पोलीस ठाण्यातला तो दिवस मी अजून विसरलेलो नाही. वडिलांच्या बदलीमुळे आम्ही कोलकात्यात आलो, आणि मी इथंच पोलिसात लागलो. बंगाली फाडफाड बोलायचो, म्हणून स्वतःला मोठा शहाणा समजायचो.

सकाळी फलाटावरच्या चहावाल्यानं खबर दिली. बजबज लोकलमधून एक म्हातारी पाचेक वर्षांच्या मुलाला घेऊन उतरली होती. कुणीतरी सहज विचारलं, "नातू का?" तर म्हणाली, "नाही, विकत घेतलाय." झालं! लोक तिच्या अंगावर धावले. आम्ही तिला कशीबशी सोडवून ठाण्यात आणली.

मुलाचं नाव तिनं 'तिनकोडी' सांगितलं. मी डायरीत उतरवलं. आईचं नाव विचारलं, तर बाईनं मान हलवली.

"पोरासमोर नाही सांगणार, बाबू."

"विकत घेतलंस, हे कबूल आहे?"

"आहे. जन्मला त्याच दिवशी."

मी चिडलोच. संध्याकाळपर्यंत म्हातारी कोठडीत आणि मुलगा बालगृहात, असं ठरवून कागद करायला बसलो.

आमचे हवालदार बराकपूरचे, निवृत्तीला टेकलेले. डायरीत डोकावून म्हणाले, "साहेब, नाव लिहिलंत, पण ते का ठेवलं हे विचारलंत?"

"का म्हणजे?"

"कोडी म्हणजे कवडी. जिची मुलं जगत नाहीत, ती नवं बाळ सुईणीला तीन कवड्यांना विकते. काळ शोधत आला, तर बाळ तिचं नाहीच! हल्ली कुणी करत नाही. पण नाव तेच सांगतंय."

अहो, माझ्या सख्ख्या काकांचं नाव धोंडू! आधीची दोन भावंडं गेली, तेव्हा दगडाला कोण नेणार म्हणून आजीनं ठेवलेलं. घरात हे असताना मी कलमं शोधत बसलो होतो!

मुलाला बाहेर पाठवलं, तशी म्हातारी बोलती झाली. ती सुईण होती. आई तागाच्या गिरणीत पाळीवर, म्हणून पोराला डॉक्टरकडे हिनं आणलं होतं. गिरणीत फोन केला. दोन तासांत आई जन्मदाखला घेऊन धावत आली; केसांत तागाचे तंतू तसेच. दाखला तपासला, सगळं खरं होतं.

मुलगा "माशी, माशी", म्हणजे मावशी, करत आईला बिलगला. तिनं त्याला उचललं नाही. आधी म्हातारीपुढे हात जोडले. "नेऊ का याला?"

"ने. माझा आहे, नीट सांभाळ."

भर ठाण्यात, पोलिसांसमोरही, त्या दोघींनी तो व्यवहार मोडला नाही.

नोकरीत मी हजारो नावं लिहिली. त्या दिवसानंतर मात्र नाव लिहिलं की विचारायचो, कुणी ठेवलं, का ठेवलं? माणूस तिथून खरं बोलायला लागतो. पण त्या आईपुढे माझी सगळी हुशारी फिकी. तीन मुलं गमावलेल्या त्या बाईनं, हा जगावा म्हणून, पाच वर्षांत एकदाही त्याच्याकडून स्वतःला 'मा' म्हणवून घेतलं नव्हतं.