पूजेला ठेवलेली पाटी

मानमोडीच्या तापाच्या साथीनंतर शाळा उघडली तेव्हा वरून हुकूम आला होता की वर्ग नेहमीप्रमाणे चालू करावेत. हुकूम लिहिणाऱ्याचं काय जातं? त्याला हजेरी घ्यायची नव्हती.

मी तेव्हा हिवरखेडजवळच्या एका गावात दुय्यम मास्तर होतो. अमरावतीहून नुकताच आलेलो, अंगात शिस्तीचं वारं भरलेलं. थोरले गुरुजी साथीतच गेले, म्हणून शाळेची किल्ली माझ्याकडे आली. कुलूप काढलं तर आधी वास आला तो कुजून वाळलेल्या झेंडूचा. साथ गावात शिरली ती ऐन दसऱ्याच्या तोंडावर. पोरांनी पाट्यांवर एकाच्या आकड्यांची सरस्वती काढून त्या भिंतीशी ओळीनं मांडल्या होत्या, आम्ही हळदकुंकू वाहिलं होतं, आणि दुसऱ्याच दिवशी शाळा बंद झाली ती थंडी सरेपर्यंत. पाट्या तशाच उभ्या होत्या. कुठली कुणाची हे मला पाठ होतं, त्यामुळे कितींना आता धनी उरला नाही ते मोजायची गरज पडली नाही.

हजेरी घेताना मी गेलेल्यांची नावं गाळून वाचू लागलो. पण पोरांना क्रम तोंडपाठ. गाळलेल्या नावाशी सगळा वर्ग जरासा थांबे आणि मगच पुढचा 'हजर' म्हणे. पाढ्यांचं तर आणखीच अवघड झालं. मुलांच्या त्या शाळेत चारच पोरी होत्या, त्यांतली एक माळ्याची लेक पाढा सांगायची आणि बाकीचे तिच्या मागून म्हणायचे. काय खणखणीत आवाज होता तिचा. आता मी सांगू लागलो, तर पोरं म्हणायची माझ्यामागून आणि बघायची तिच्या रिकाम्या जागेकडे. मला त्या जागेची भीती वाटू लागली. खोटं कशाला सांगू, भर दुपारी वाटायची.

चौथ्या दिवशी मी वैतागून सगळ्या पाट्या अंगणात काढायला लावल्या. कोळसा आणि पाला घेऊन स्वच्छ घासा म्हटलं, साहेब तपासणीला येणार आहेत. साहेब येणार होते हे खरं, पण कारण ते नव्हतं. त्या सरस्वत्या मला डोळ्यांपुढं नको होत्या. पोरांनी मुकाट्यानं सगळ्या घासल्या, धनी नसलेल्यासुद्धा.

दुसऱ्याच दिवशी त्या पोरीचा बाप आला. केळी आणि फुलांचा मळा होता त्याचा. पूजेचा झेंडूही त्याच्याच मळ्यातला. वहाणा काढून दारातच उभा राहिला.

"गुरुजी, माह्या पोरीची पाटी असन ना इथं? मांगच्या बाजूनं तिनं माह्यं नाव लिवलं होतं. दसरा झाला की दाखवीन म्हने. मले वाचता येत नाही, पन पाहू तं द्या."

पाटी कालच दोन्ही अंगांनी घासून झाली होती. पूजेच्या दिवशी तिनं ते नाव कसं लिहायचं हे मला विचारून घेतलं होतं, पाटीमागं स्वतः लिहिलं होतं आणि पाटी घरी न्यायला मागत होती. "आजच नेऊ द्या ना गुरुजी, बाबाले दाखवाचं हाये." मी दटावलं होतं, की पूजेला मांडलेली पाटी दसरा उलटेपर्यंत हलवायची नसते. त्या वर्षी एवढा एक नियम मी चोख पाळला.

"शोधून ठेवतो, उद्या या," मी म्हटलं.

शाळा सुटल्यावर तिची पाटी घेऊन बसलो. चौकटीच्या सैल कोपऱ्याला केळीच्या सोपटाच्या दोरीची गाठ होती, बापानंच बांधून दिलेली. चौकटीवरचा कुंकवाचा डाग घासूनही गेला नव्हता. मी तिचं अक्षर आठवू लागलो. ती आधी या काठापासून त्या काठापर्यंत रेघ ओढायची आणि मग दोरीला तोरण बांधावं तशी सगळी अक्षरं एका अंगाला लटकवायची; उरलेली रेघ रिकामी. त्यावरून मी तिला कितीदा बोललो होतो. आता मी तशीच रेघ ओढली. पहिल्यांदा जमलं नाही, पुसलं. पुन्हा पुसलं. चौथ्यांदा इतकं हुबेहूब उतरलं की मी पाटी पालथी घातली आणि बाहेर जाऊन उभा राहिलो. त्या वेळी मला स्वतःची किळस आली होती.

दुसऱ्या दिवशी त्यानं पाटी दोन्ही हातांनी घेतली. अक्षरांना बोट लागू दिलं नाही.

"हे माह्यं नाव?"

मी हो म्हटलं. तेवढं तरी खरं होतं. भरलं ताट न्यावं तशी ती पाटी उताणी धरून तो हळूहळू मळ्याकडे चालत गेला.

साहेब आले, त्यांनी चांगला शेरा दिला. नवी पोरं भरती झाली, पाढे पुन्हा जोरात होऊ लागले. शाळा रुळावर आली असं सगळे म्हणत, मीही म्हणे. पण फळ्यावर रेघ ओढताना माझा हात काठापर्यंत जाऊन थांबायचा.

तीनेक वर्षांनी तो माळी धाकट्या लेकीला नाव घालायला घेऊन आला. मी सवयीनं अंगठ्यासाठी शाईची डबी पुढं सरकवली. त्यानं ती बाजूला केली आणि टाक मागितला. मग माझ्या देखत त्यानं रजिस्टरच्या या कडेपासून त्या कडेपर्यंत, दुसऱ्यांचे रकाने कापत, एक रेघ ओढली आणि तिच्या एका अंगाला आपलं नाव लटकवलं.

विचारायला नको होतं, पण तोंडातून गेलं. "कुणी शिकवलं?"

"लेकीनं. पाटी पाहू पाहू शिकलो."

खरं सांगून टाकावं असं फार वाटलं. पण मी ओल्या शाईवर वाळू टाकत बसलो, गरजेपेक्षा जास्तच.

त्यानं धाकटीचा हात माझ्याकडे दिला.

"एक सांगतो गुरुजी, राग नका मानू. दसऱ्याले हिची पाटी ठून घेऊ नका. जे लिवन ते त्याच दिवशी घरी आनू द्या. मोठीनं मले सांगतलं होतं, तुमी नेऊ देल्ली नाही म्हून."