दोन जनावरांमागं तीन पेंढ्या

बायडाबाईचा कुणावर म्हणून विश्वास नव्हता. पाऊस पडला नाही, त्यातसुद्धा तिला कुणाचा तरी हात दिसायचा. त्या दुष्काळात सोसायटीनं शिरूर कासारकडच्या माळावर गुरांची छावणी घातली. नवरा म्हाळू, दीर धुळाजी, सासू आणि दोन बैल, गाय, कालवड अशी चार जनावरं घेऊन ती तिथं राहायला आली, ती चारा वाटणाऱ्या मुंजाजीवर डोळा ठेवूनच.

कारणही तसंच होतं. तिची गाभण गाय कपिली वाळत चालली होती. बसली की उठेना. गाय गेली तर पोटातलं वासरूही जाणार, या धास्तीनं बायडाबाईला घास गोड लागत नव्हता.

एक दिवस शेजारच्या सुग्रीवच्या दावणीला उसाच्या वाढ्याच्या नऊ पेंढ्या पडलेल्या तिनं पाहिल्या आणि तिचं टाळकंच सरकलं.

"काय रे मुंजा, त्याला नऊ अन् आमाला सहाच? तुजा मेव्हणा हाय का त्यो?"

"आत्या, त्याची जनावरं सहा, तुमची चार. दोन जनावरांमागं तीन पेंढ्या. तुमच्या दोन जोड्या, तीन दुणे सहा. त्याच्या तीन जोड्या, तीन त्रिक नऊ. पटत न्हाई तर खडे मांडा."

तिनं खरंच खडे मांडले. मेलं, बरोबर आलं! मग चारा जातो कुठं? सुग्रीवच पळवत असणार, दुसरं कोण!

दुसऱ्या दिवशी दावणीत चारा टाकून ती बाभळीखाली दबा धरून बसली. सुग्रीव घोरत होता. कुणी फिरकलं नाही. कपिलीनं आपली एक पेंढी संपवली आणि ती माती चाटू लागली. दोन्ही बैल मात्र निवांत दुसरी पेंढी चघळत होते.

बायडाबाईनं दावणीतल्या पेंढ्या बोटांवर मोजल्या. बैल कमावते, म्हणून त्यांना दोन-दोन. उरलेली एकेक गायीला अन् कालवडीला. सासरी आल्यापासून तिचा हात असाच चालत आला होता. मुंजाजी बिचारा प्रत्येकी दीड देत होता.

"आगं माय! मीच मारलं की गं तुला उपाशी!" गायीच्या गळ्यात पडून ती रडली. मग उठली आणि बैलांपुढची अर्धी-अर्धी पेंढी ओढून गायीला अन् कालवडीला घातली.

संध्याकाळी सहा भाकरी झाल्या. सवयीनं म्हाळूला दोन, धुळाजीला दोन वाढल्या आणि ती थबकली. दोघांच्या ताटातली अर्धी-अर्धी तिनं परत उचलली. दीड सासूला, दीड स्वतःला.

म्हाळूनं डोळे बारीक केले. "कावून काढली? कुणाला चोरून देती का काय?"

"चोर आजच घावलाय. गुमान जेवा."

कुणी परत मागेल म्हणून सासूनं ती जादा अर्धी भाकरी पटकन पदराखाली ओढली.