कारखान्याच्या फाटकात घातलेलं गाऱ्हाणं

मिरजोळ्याला आमचा आंब्याचा रस डबाबंद करायचा सरकारी कारखाना होता. मी डबे सील करायच्या मशीनवर. झाकण बसलं की ते मशीन बारीकसा उसासा सोडायचं आणि मी त्याला 'हो गो बाय' म्हणायचो. लोक हसायचे. हसू देत. माझं बोलणं इतक्या शांतपणे घरातसुद्धा कोणी ऐकून घेतलेलं नाही.

एके सकाळी शेडला कुलूप, आणि शेजारी नोटीस. कामगार कपात. कपात म्हणजे किती, तर सगळेच. त्याआधीचे कित्येक महिने पगार थकला होता, तोही लटकला. आम्ही कोर्टात गेलो आणि चक्क जिंकलो. निकाल आमच्याकडे, पैसे मात्र त्यांच्याकडेच! पैशांच्या मंजुरीचा कागद फाटकाजवळच्या ऑफिसात साहेबांच्या टेबलावर पडून होता. साहेबांनी सही केली की तो मुंबईला जाणार होता. साहेब मुंबईहून बदलून आलेले, बोलणं कडक इस्त्रीचं. गेलं की म्हणायचे, "बघू या."

खरं सांगायचं तर मला पगार हवा होता, पण त्या निमित्ताने फाटकातून आत जायला मिळतं याचाच आनंद जास्त व्हायचा. मे महिन्यात कोणाच्याही घरी आंबा कापला की माझे कान उगाच त्या उसाशाची वाट बघायचे. आंबे कापणाऱ्या बायका कोपरापर्यंत पिवळ्या होऊन एकमेकींच्या सासवांचा उद्धार करायच्या, तो कल्ला आता कुठे ऐकायचा?

त्या आंबे कापणाऱ्यांतल्या सगळ्यांत जुन्या म्हणजे पावस गावच्या काकी. त्यांनीच एक दिवस मला सुनावलं, कोर्ट झालं, अर्ज झाले, आता गाऱ्हाणं घाल. शिमग्याला पालखीसमोर गाऱ्हाणं घालायचा मान आमच्या घराण्याचा. आवाज आणि निलाजरेपणा, दोन्ही मला वडलांकडूनच मिळालेलं. मी काय, तयारच होतो.

फाटकात नारळ ठेवला, टोपी चढवली आणि खड्या आवाजात सुरू केलं.

"बा देवा म्हाराजा, आज ही तुझी लेकरां तुझ्या पायाशी उभी हायत."

"व्हय म्हाराजा!" मागून सगळे कामगार.

"ह्यांच्या घामाचा पगार जो कोण अडवून बसलो असेल, त्येका सुबुद्धी दे. त्येच्या हातात पेन दे, पेनात शाई दे, नि त्येची सही होऊ दे रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

सगळ्यांचा आवाज थांबल्यावर एक आवाज जरा उशिरा आला. "व्हय म्हाराजा." मी वळून पाहिलं. आम्हाला हाकलायला म्हणून बाहेर आलेले साहेब बूट काढून, डोळे मिटून, हात जोडून उभे! मुंबईला जायच्या आधी ते संगमेश्वरकडच्या गावात वाढलेले, हे आम्हाला तेव्हा कळलं. गाऱ्हाणं कानावर पडलं की आमच्याकडच्या माणसाचं तोंड आपोआप उघडतं, त्यात हुद्दा आड येत नाही.

काकी सोडतायत कशाला? "साहेब, देवासमोर होय म्हटलंत हां."

साहेब लाल झाले. बूट घालता घालता पुटपुटले, "लहानपणची सवय हो." पण होय म्हटलेलं मोडायची त्यांची छाती झाली नाही. त्याच आठवड्यात सही झाली, आणि पावसाळा सरताना पैसे आले.

पावतीवर सही करायला एकेकाला आत बोलावलं. आता काहीही येणं बाकी नाही, असं त्यावर लिहिलेलं होतं. साहेबांच्या खिडकीतून शेड दिसत होती. दार उघडं होतं, लिलावात मशीन घेतलेली माणसं बोल्ट सोडवत होती. ती पाना चुकीच्या बाजूने लावत होती. माझा हात नुसताच टेबलावर बरोबर बाजूने फिरला.

"आणखी काही राहिलं का?" साहेबांनी विचारलं. खरंच आपुलकीने विचारलं.

"नाही साहेब," म्हणून मी सही केली.

बाहेर काकी पायरीवर बसल्या होत्या. आत एवढा वेळ काय करत होतास, म्हणाल्या.

"काही राहिलं का, असं विचारलान साहेबाने."

"मग काय सांगितलंस?"

"काही नाही म्हटलं."

काकींनी शेडकडे बघितलं, मग माझ्याकडे.

"खोटारडा मेला," म्हणाल्या, आणि थोडं सरकून मला बसायला जागा दिली.