डबा घरातच राहिला

निवृत्त झाल्यावर माणसं देवळाची कमिटी धरतात, नाहीतर सोसायटीच्या निवडणुकीला उभी राहतात. माझ्या मामांनी काळाचा सिद्धांत काढला. तोही हौसेनं नाही, मुलगा गेला म्हणून.

मामांनी निमोण्याच्या शाळेत जन्मभर विज्ञान शिकवलं, त्यामुळे दुःखसुद्धा ते फळ्यावर मांडल्यासारखं मांडायचे. एका सकाळी मामीनं लाडवांचा डबा देऊन मुलाला मोटारसायकलवर यवतला, आपल्या बहिणीकडं धाडलं. हायवेला ट्रकनं उडवलं त्याला. डबा कुठं फेकला गेला ते कळलंच नाही. त्या दिवसापासून मामीचं एकच पालुपद, "मीच धाडला." जेवण सुटलं. डॉक्टरांच्या गोळ्या ती उशीखाली सारायची. मी दर रविवारी शिरूरहून जायचे आणि दर रविवारी ती आणखी वाळलेली दिसायची. ही अशीच संपणार हे दिसत होतं, आणि मला राग यायचा, तोही तिचाच.

एका रविवारी मामांनी मला आणि शेजारच्या चाचांना परसात बोलावलं. चाचा पाण्याच्या मोटारी दुरुस्त करायचे. दोन्ही घरांमध्ये नुसतं तारेचं कुंपण. मामीनं त्या सकाळी डबा दिला तो आम्ही तिघांनी पाहिला होता: मामांनी खिडकीतून, चाचांनी कुंपणापलीकडून, आणि आदल्या रात्री मुक्कामाला आलेल्या मी दारातल्या ओट्यावरून.

"भूतकाळ कुठं गोदामात ठेवलेला नसतो," मामा म्हणाले. "पाहणाऱ्यांच्या डोक्यात असतो, तेवढाच. आन् आठवण म्हंजी गुळाची ढेप. आठवलं की ती परत काहिलीत चढती, पातळ हुती. तेवढ्यात साचा बदलायचा. सगळ्या पाहणाऱ्यांनी एकच साचा धरला, की घडलेलंच बदलतं."

"मग त्यालाच परत आणा की!" मी फटकन बोलून गेले.

मामांनी माझ्याकडं पाहिलं नाही. "त्याला लई लोकांनी पाह्यलं. हायवे हाय तो. डबा आपण घरच्यांनीच पाह्यला."

म्हणजे मामांनी तोही विचार करून पाहिला होता.

चाचा उठलेच. "गुरुजी, मला ह्यात घेऊ नका. पाह्यलं ते पाह्यलं."

"तुमची वहिनी मरंल," मामा म्हणाले. चाचा परत बसले.

मग ते सुरू झालं. रविवारी मामीला मध्ये बसवायचं, चहा घ्यायचा आणि बोलता बोलता त्या सकाळवर यायचं. सांगायचं ते असं: मामी म्हणाली होती, ऊन चढलंय, उद्या जा. त्यानं ऐकलं नाही, आपल्या मनानं निघाला. डबा घरातच राहिला. मामांनी तसलाच डबा बाजारातून आणला, त्यावर मामीचं नाव घालून घेतलं आणि स्वयंपाकघरातल्या फळीवर ठेवला. हे सगळं थोतांड आहे असं मी एसटीत स्वतःला बजावायचे, आणि तिथं पोचले की सगळ्यांत ठासून मीच सांगायचे.

पण गुण आला. मामी आधी भांडायची, मग नुसतीच ऐकायला लागली, आणि एका रविवारी आपणहून म्हणाली, "मी उद्या जा म्हणले हुते, व्हय ना?" मामा तोंड फिरवून परसात गेले. ती भाकरी खाऊ लागली, दारात बसू लागली. मला मात्र तिच्यासमोर बसायची धास्ती वाटायची, कारण त्या सकाळचं बोलणं निघालं की ती माझ्या तोंडाकडं टक लावून बघायची.

वर्षश्राद्धाला पंगती उठल्या, पाहुणे पांगले, घरात आम्ही चौघंच उरलो. मामी उरलेले लाडू फळीवरच्या त्या डब्यात भरत होती. भरता भरता थांबली.

"जाताना त्यो कायतरी बोलला हुता," ती म्हणाली. "मला लई हसू आलं हुतं. माझ्याशी शेवटचं बोललेला. काय बोलला, तेच ध्यानात येत न्हाई." तिनं मामांना विचारलं, चाचांना विचारलं. दोघांपर्यंत आवाज गेलाच नव्हता. मग ती माझ्याकडं वळली. "तू तर ओट्यावर हुतीस."

मला शब्द न् शब्द आठवत होता. मामा तिच्या पाठीमागं उभे राहून मला हात जोडत होते, नको, नको. ते वाक्य सांगितलं की त्यात डबा होता, मावशी होती, मामीचं धाडणं होतं. नाही सांगितलं तर पोराचं शेवटचं बोलणं जगातून पुसलं जाणार होतं, कारण आता ते माझ्या एकटीपाशीच उरलं होतं. मामांचा सिद्धांत खरा आहे, हे मला त्या घटकेला पटलं, आणि मामांची मनापासून चीड आली.

"म्हणाला," मी म्हणाले, "आई, वाटंत भूक लागली तर मावशीला नुसता डबाच पोचंल बघ."

मामी हसली. तोंडाला पदर लावून, खांदे हलवत हसली, तशी ती वर्षभरात हसली नव्हती. मग हसता हसता अडखळली. हातातल्या डब्याकडं बघत राहिली.

"म्हंजी मीच धाडला," ती म्हणाली.

मामा मटकन खाली बसले. चाचा चपला न घालताच बाहेर गेले. मी तिच्या हातातला डबा घ्यायला गेले, तिनं दिला नाही. तो मांडीवर घेऊन ती माझ्या अगदी जवळ सरकली.

"आनखी एकदा म्हण," ती म्हणाली. "त्यो म्हणला तसंच म्हण."