काजूच्या बियांतलं मैदान

शेवटच्या भेटीत नसरीनने मला भरतीची वेळ विचारली. गोव्याच्या इस्पितळातून तिला घरी आणून आठवडा झाला होता, ओटीवर खिडकीपाशी खाट टाकली होती, आणि मी कुडाळहून स्कूटर मारत आलो होतो. हेल्मेट अजून हातातच होतं. बोलायचं काय हे रस्ताभर ठरवत आलो होतो आणि उंबऱ्यावर सगळं विसरलो होतो... तिनेच सुटका केली. "दादानू, आज भरती कितीक?" मी मनात हिशेब मांडला. माघातली नवमी, नऊ त्रिक सत्तावीस, भागिले चार. "पावणेसात," मी म्हटलं. ती नवऱ्याकडे, म्हणजे माझ्या धाकट्या चुलतभावाकडे वळली. "विनय, सगुणाक विचारून ये." सगुणा शेजारची, तिचा नवरा किनाऱ्यावर रापणीचं जाळं ओढणारा. विनय खरोखरच गेला आणि परत येऊन म्हणाला, "पावणेसात." नसरीन उशीवर मान टेकून हसली. "जमला एकदाचा," म्हणाली. तिसऱ्या दिवशी सकाळी विनयचा फोन आला. "दादा, ये," एवढंच. मी हेल्मेट उचललं आणि निघालो.

आता तिला जाऊन पाच आठवडे झाले. भरतीच्या वेळेत असं काय आहे ते सांगायचं तर आधी नसरीन सांगायला हवी.

आमच्या घरात सुना जवळपासच्याच. कोणी वालावलची, कोणी पिंगुळीची, एक सावंतवाडीची, तिला विनयची आई, म्हणजे आमची काकी, अजून 'लांबची' म्हणते. अशा घरात विनयने पुण्याहून फोन करून सांगितलं की मुलगी इराणची आहे, इथे शिकायला आली आहे आणि त्याआधी तिकडे फुटबॉल खेळायची, अगदी देशाच्या संघातून. काकीने फोन दुसऱ्या कानाला लावला. मग तिने विचारलं, "मासे खाता?" विनय म्हणाला, खाता. "आणि भात?" रोज, तो म्हणाला. नसरीनचं गाव कॅस्पियन समुद्राकाठचं, तिकडेही भाताची शेतं आणि माशाचं कालवण. "मगे लांबचा खंय तां?" काकी म्हणाली. आमच्याकडे पोरीबाळींना 'तां'च म्हणतात. विषय संपला. कुटुंबातला शिकलासवरलेला म्हणून माझंही मत घेतलं जाईल या आशेवर मी चार दिवस गंभीर चेहरा करून होतो. कुणी विचारलं नाही. माझी कल्पना अशी, की फुटबॉल खेळणारी बाई म्हणजे दारातून वाकून आत येणारी असणार. प्रत्यक्षात ती माझ्या खांद्याला लागत होती, आणि डावा गुडघा वाकवताना क्षणभर थांबत होती.

त्या गुडघ्यातच तिचा सगळा खेळ होता म्हणा. भावांबरोबर गल्लीत सुरुवात, मग मुलींना बाहेर खेळायची सोय नव्हती म्हणून बंद सभागृहातला पाच-पाच जणींचा खेळ, मग मोठं मैदान, क्लब, आणि एके दिवशी देशाच्या शिबिराचं बोलावणं. लांब बाह्या, लांब विजार आणि डोक्याला घट्ट रुमाल, तोही उन्हात. देशासाठी ती खेळली ते सामने हाताच्या बोटांवर मोजता येतील. ती मोजायचीही, आणि शेवटच्या बोटावर गुडघा दाखवायची. एका सराव सामन्यात तो असा पिरगळला, की शस्त्रक्रियेनंतर चालता आलं, जिने चढता आले, पण पहिल्यासारखं वळता येईना. मधल्या फळीत खेळणाऱ्याला वळता आलं नाही तर बाकी सगळं येऊन उपयोग नाही, असं ती म्हणायची. मग दुसऱ्यांना शिकवायचं ठरवून ती पुण्याला शिकायला आली, तिथे विनय भेटला, काकी आजारी पडली म्हणून दोघं गावी आली आणि राहिली.

मधल्या फळीत खेळणं म्हणजे काय, हे तिने काकीला खळ्यात समजावलं होतं. चैत्रातले दिवस, घरासमोरच्या खळ्यात काजूच्या बिया सुकत घातलेल्या. नसरीनने त्यातली सतरंजीएवढी जागा हाताने मोकळी केली, अकरा बिया इकडे, अकरा तिकडे मांडल्या, आणि मधल्या एका बीला लाल नेलपॉलिश लावलं. ही मी. लाल बी मागून चेंडू घेई, डावीकडे बघून उजवीकडे देई, आणि पुढची कुठली तरी बी गोल मारी. काकी चष्मा लावून बघत होती. "गोल तू नाय मारलंस?" "नाय. मी दिलंय." काकीने जरा विचार केला. "म्हंजे वाढपी," ती म्हणाली. "कोणाच्या पानात काय सोपला ता मान वर न करता कळाक होया. आणि जेवण बरा झाला तर नाव आचाऱ्याचा." नसरीन म्हणाली, इतके प्रशिक्षक झाले, इतकं बरं कुणीच समजावलं नव्हतं. त्यानंतर दर उन्हाळ्यात त्या दोघींचा हा उद्योग. सामना संपला की काकी हरलेला संघ चुलीत भाजायला टाकायची. मी एकदा घाईत त्या मांडणीवरून चालत गेलो तर नसरीनने ओरडून थांबवलं. "दादानू, मैदानातसून नको. वळसो घालून येवा." मैदान हा शब्द मूळ फारसी, म्हणजे तिच्या घरचाच, त्यामुळे वाद घालता येईना.

बिया मांडायची ही सवय तिला बाबांमुळे लागली होती. वडिलांना ती बाबाच म्हणायची, आपल्यासारखं. बाबा भाड्याची गाडी चालवायचे. सरावाला, सामन्याला तेच तिला सोडायचे, पण बायकांच्या सामन्याला पुरुषांना आत जाता येत नसे, बाप असला तरी. मग बाबा भिंतीबाहेर गाडीत बसायचे. नव्वद मिनिटं आतले आवाज ऐकायचे. ओरडा झाला की मुलीने गोल केला, असा त्यांचा सरळ हिशेब. ती बाहेर आली की ते विचारायचे, आज किती केलेस? ती म्हणायची, एकही नाही. मग ओरडा कसला होता? मग थर्मासमधला चहा निघायचा, आणि गाडीच्या काचेखालच्या फळीवर ती साखरेच्या चौकोनी वड्या मांडून अख्खा सामना समजावायची. समजावून झाला की बाबा विरुद्ध संघ चहाबरोबर खाऊन टाकायचे. एवढ्या वर्षांत त्यांनी मुलीचा एकही सामना पाहिला नाही. साखरेचे मात्र सगळे पाहिले.

काही वर्षांपूर्वी बाबा इथे आले, पंधरा दिवसांसाठी. पंचाहत्तरी उलटलेली, पुन्हा एवढा प्रवास होणार नाही हे त्यांनी आल्याआल्या सांगून टाकलं. नसरीन तेव्हा शाळेच्या मुलींना फुटबॉल शिकवायची, आणि बचत गटाच्या काही बायकांनाही तिने नादाला लावलं होतं. एका सकाळी चहा गाळता गाळता ती मला म्हणाली, "दादानू, माका एक सामनो खेळाक होयो. बाबा बघतले." गुडघ्याचं काय, मी विचारलं. "अर्धो तास चालतलो." तिने आमच्याकडे कधी काही मागितलं नव्हतं. मी छाती पुढे काढून म्हटलं, सोड माझ्यावर. आणि तिने सोडलं, हीच तिची एक चूक.

गावच्या मैदानावर क्रिकेटच्या स्पर्धा, त्या हलणं शक्य नव्हतं. म्हणून वेळेवर, म्हणजे किनाऱ्यावर, खेळायचं ठरवलं. बाबा निघायच्या आदल्या दिवशी, पौषातल्या षष्ठीला. आता किनाऱ्यावर सामना म्हणजे ओहोटी हवी. आमच्याकडे तिथीला तीनने गुणून चाराने भागतात, की वेळ निघते. सहा त्रिक अठरा, साडेचार. साडेचारला पूर्ण ओहोटी, म्हणजे साडेतीनला सुरुवात. मी रेडीच्या बंदरात एका कचेरीत सत्तावीस वर्षं कारकुनी केलेली, माझा शब्द कोण मोडणार? दुपारी मी स्वतः रांगोळीने रेघा मारल्या, बांबूचे गोल रोवले, आणि काठाच्या ओल्या वाळूकडे बघून समाधानाने म्हटलं, पाणी मागे सरतंय. मग घरी जाऊन सुरमई खाल्ली आणि अंमळ पडलो.

त्या हिशेबात येते ती भरतीची वेळ. हे इथल्या शाळेतल्या पोरालाही ठाऊक आहे. सत्तावीस वर्षं मला ते ठाऊकच होतं... त्या दिवशी सोडून.

साडेतीनला आम्ही सगळे मिरवत किनाऱ्यावर गेलो. बाबा कोट घालून, काकी नवं लुगडं नेसून, मी शिट्टी गळ्यात अडकवून. समुद्राकडची रेघ दिसेना. अर्धं मैदान पाण्यात होतं आणि एक बांबू आडवा पडून तरंगत होता. सुरूच्या झाडांखाली सगुणा आधीच येऊन बसली होती. मी तिला म्हटलं, "गो, पाणी चढता हा ता सांगूक नाय?" "माका काय म्हायत," ती म्हणाली. "माका वाटला, इराणात पाण्यातच खेळतत." आणि नसरीनला माझा हिशेब चुकलेला कळणार तरी कसा? त्यांच्या समुद्राला भरती-ओहोटी अशी नाहीच. पाणी जिथे असतं तिथे असतं. बाबा तर माझ्याकडे कौतुकाने बघत होते, हेही मीच घडवून आणलंय अशा नजरेने.

मी नसरीनपुढे जाऊन उभा राहिलो. वर मान करवेना. दुसऱ्या दिवशी सकाळी बाबांची गाडी होती. दुसरा दिवस नव्हता, दुसरी जागा नव्हती. तिने गुडघ्याची पट्टी घट्ट केली, डोक्याला काकीच्या जुन्या लुगड्याची चिंधी बांधली आणि उरलेल्या वाळूकडे बघितलं. "अर्धा आसा मा?" ती म्हणाली. "मगे अर्ध्यात खेळूया. फुका शिट्टी."

मी फुंकली. मोजून पंचवीस मिनिटं झाला तो सामना, आणि दर मिनिटाला मैदान थोडं थोडं कमी होत गेलं. बाबांची खुर्ची दोनदा मागे घेतली. तिसऱ्यांदा मी हात लावायला गेलो तर ते उठले, बूट काढून खुर्चीवर ठेवले, विजार दुमडली आणि पाण्यातून सरळ आत गेले. रेघच उरली नव्हती, तर त्यांना अडवणार कोण? मी पंच होतो, पण माझा अधिकार त्या दिवशी कुठवर होता ते आपण जाणताच. मुली चेंडूमागे घोळका करून पळत होत्या, आणि घोळक्याबाहेर नसरीन सावकाश चालत होती. पळत नव्हतीच. चेंडू मात्र फिरून फिरून तिच्याच पायाशी यायचा. शेवटी शेवटी मधोमध पाण्याचं डबकं झालं, चेंडू तिथे जाऊन थबकायला लागला. नसरीनने एकदा मान वर केली, परत खाली घातली, आणि पायाच्या आतल्या बाजूने चेंडू अलगद उचलून डबक्यापलीकडे सोडला. तिथे सगुणाची मुलगी एकटीच उभी आहे हे आम्हा कुणालाच दिसलं नव्हतं. गोल झाला. सगळा किनारा ओरडला, काकीसकट. सगळे सगुणाच्या मुलीकडे धावले. घोटाभर पाण्यात उभे राहिलेले बाबा तेवढे तिकडे वळले नाहीत. ते नसरीनकडे बघत होते.

मग ते काहीतरी बोलले. तिने चिंधीने तोंड पुसलं आणि ती मला म्हणाली, "बाबा सांगतत, थंय माका भिंतीभायर बसयला. हय दर्यापण आत येता." बाबांनी माझा हात दोन्ही हातांत धरला. माझी चूक होती हे मी खुणांनी सांगायचा फार प्रयत्न केला. त्यांनी ऐकून घेतलं नाही.

गुडघा महिनाभर सुजला. काकीने लेप लावले आणि प्रत्येक लेपाबरोबर मला शिव्या घातल्या. नसरीनने कधी एक शब्द काढला नाही, फक्त मी दारात दिसलो की विचारायची, "दादानू, आज भरती कितीक?" बाबा निघताना काकीने त्यांना भाजलेले काजू बांधून दिले आणि नसरीनने डब्यात जपून ठेवलेल्या अकरा बिया, सालासकट, त्यात ती लाल.

तेराव्या दिवशी विनयने बाबांना फोन लावला, तोंड दिसतं तसला. आम्हाला त्यांची भाषा येत नाही, त्यांना आमची नाही. आजवर मधे ती असायची. मग बाबांनी तिकडचा फोन खाली वळवला. टेबलावर चहाचा पेला, आणि शेजारी बिया मांडलेल्या. त्यांचं बोट आलं, लाल बीवर टेकलं, थोडा वेळ तिथेच राहिलं. मग त्यांनी दुसरी एक बी, साधीच, पार कडेची, हळूच पुढे सरकवली. सगुणाची मुलगी. मी विनयच्या खांद्यावर हात ठेवला.

परवा पुन्हा गेलो होतो. खळ्यात यंदाच्या बिया सुकत घातल्या आहेत, काकी कुबडीच्या टोकाने त्या पसरत होती. मधे सतरंजीएवढी जागा रिकामी. मला वाटलं, म्हातारीला वाकवत नसेल. म्हटलं, "काकी, हय जागा कित्याक सोडलंस? दी, मी पसरतंय." तिने कुबडी आडवी धरली.

"रवांदे रे," ती म्हणाली. "तां थंय खेळता."

मी चपला काढल्या आणि वळसा घालून ओटीवर गेलो.