भाऊजींचे सतरा खेळ

खिडकीच्या चार काचांपैकी दोन पुसून झाल्या होत्या. तिसरीवर साबणाचं पाणी मारलं आणि फडकं पिळत होते, तेवढ्यात फाटक वाजलं. मंगळवारची दुपार, साडेबारा. या वेळेला आमच्याकडे कोणी फिरकत नाही. वाकून बघितलं तर भाऊजी. खांद्याला डब्याची पिशवी, आणि पिशवी जड दिसत होती. म्हणजे डबा उघडलेलाच नव्हता.

"बरं नाही का?" मी विचारलं.

"बरा आहे." चपला काढता काढता ते म्हणाले, "वहिनी, मी आज फ्रेमवाल्याला चोर म्हणालो. भर दुकानात. गिऱ्हाइकांसमोर."

काचेवरचं पाणी वाळून पांढरे ओघळ उमटले, तरी मी फडकं धरून तशीच उभी. कारण चोर कोण, हे या घरात एकट्या मला माहीत होतं.

भाऊजी म्हणजे माझे धाकटे दीर. वय अठ्ठेचाळीस. चष्म्याच्या दुकानात काचा घासतात. पुढे आरसे, दिवे, गिऱ्हाइकांची ऊठबस. मागे एक खिडकी नसलेली खोली. तिथे चाकावर सारखं पाणी ठिबकत असतं आणि त्याच्याखाली भिंगं घासली जातात. बावीस वर्षं त्या पाण्यात हात घालून भाऊजींच्या बोटांची टोकं कायमची सुरकुतलेली. एखादी म्हातारी जुना चष्मा घेऊन येते, नंबराचा कागद हरवलेला असतो. भाऊजी काचेवरून अंगठा फिरवतात आणि नंबर सांगतात. मालक मशीनवर तपासून बघतात, नंबर तोच निघतो. दुकानात त्यांना सगळे भिंगदादा म्हणतात. स्वतःच्या चष्म्यावर मात्र इतके ओरखडे की आमचे हे म्हणतात, "लोकांना जग दाखवतो, आणि स्वतःच्या काचेवरचा चहाचा डाग याला दिसत नाही."

लग्न केलं नाही. का नाही, ते मी कधी विचारलं नाही. सासूबाई नऊ वर्षं अंथरुणाला खिळलेल्या होत्या. दिवसा त्यांचं मी बघायचे, कामावरून आले की भाऊजी. कूस बदलणं, पाठीला पावडर लावणं, सगळं. त्याच खोलीत, पलंगाच्या पायथ्याशी बसून ते टीव्हीवर व्हिडिओचे खेळ खेळायचे, आवाज बंद करून. मी स्वयंपाकघरातून म्हणायचे, काय हे, मोठा माणूस आणि खेळ. देवाचं नाव घ्यावं चार घटका. मनात म्हणायचे हो, तोंडावर नाही.

या खेळांची डबी-पुस्तकं काही नसतात. विकत घ्यायचे आणि ते टीव्हीला जोडलेल्या मशीनमधल्या कपाटात जाऊन बसतात. कपाट म्हणजे पडद्यावर ओळीने मांडलेली चित्रं. एक खेळ पुरा झाला की भाऊजी दुसरा घेणार. असे त्रेचाळीस झाले होते. फ्रेमवाला त्यांच्या शेजारच्या टेबलाशी बसतो. भाऊजी काच घासतात, तो ती फ्रेममध्ये बसवतो. खातं उघडून द्यायला, पासवर्ड कागदावर लिहून द्यायला तोच आला होता. दर रविवारी दुपारी यायचा. दोघं मांडी घालून बसायचे आणि त्यांचं सुरू व्हायचं.

"अरे डावीकडे, डावीकडे लेका! काचा घासून घासून डोळे गेले काय तुझे?"

"तू गप. तुझ्या फ्रेमा वाकड्या बसतात म्हणून लोकांना जग तिरकं दिसतं."

मी चहा नेऊन ठेवला की फ्रेमवाला म्हणायचा, "वहिनी, या घरात फक्त तुमचा चहा सरळ आहे."

आता मी काय केलं ते.

दर गुरुवारी चार वाजता आमच्या पुढच्या खोलीत आम्ही सातजणी प्रार्थनेला बसतो. भजनं टीव्हीवर लावतो, आणि ती त्या मशीनमधूनच लागतात. दोन गुरुवारांपूर्वी एक भजन संपलं, दुसरं लागायच्या आत पडद्यावर भाऊजींचं कपाट उघडं पडलं. कवट्या, तलवारी, रक्त, आणि अंगावर धड कपडा नसलेली एक बाई. आमच्यात सगळ्यांत थोरल्या मास्तरीणबाई. त्यांनी जपमाळ थांबवली आणि म्हणाल्या, "आपण इकडे देवाला बोलावतोय, आणि यांच्याकडे भुतं आधीच येऊन बसलीत." सगळ्या हसल्या. मीही हसले, पण माझे कान तापले. त्या दिवशी प्रार्थनेत माझं लक्ष लागलं नाही.

आमच्या घरात एक रीत आहे. कोणी यायचं झालं की जे दिसू नये त्यावर काहीतरी टाकायचं. मोडक्या खुर्चीवर चादर, भिंतीच्या ओलीवर कॅलेंडर. सासूबाईंनी शिकवलेली रीत. तेव्हा पुढच्या गुरुवारी जेवणं आटोपल्यावर मी ते खेळायचं हँडल हातात घेतलं. चित्रावर जाऊन बटण दाबून धरलं की यादी उघडते. त्यात डिलीट होतं. ते मी दाबलं नाही. डिलीट म्हणजे काय ते मला कळतं, नातीचा फोटो एकदा घालवून बसलेय. त्याच्या वर हाइड होतं. म्हटलं, हे बरं. झाकायचं, बाया गेल्या की काढायचं. एकेका चित्रावर गेले. ज्याच्यावर शस्त्र दिसलं ते झाकलं. सतरा झाकले. पडदा कसा स्वच्छ झाला! मोटारी, फुलपाखरं, शेतीवाडी.

बाया आल्या, गेल्या. मास्तरीणबाई म्हणाल्या, "आज कसं प्रसन्न वाटतंय." मग मी ते सतरा परत आणायला बसले तर ते कुठे गेले ते सापडेना. पाऊण तास शोधलं. मग म्हटलं, राहू दे. खोटं कशाला सांगू, थोडं बरंही वाटलं. देवासमोर दिवा लावताना म्हणाले, तुझीच इच्छा असेल. माझ्या कामाचं खापर देवाच्या डोक्यावर फोडलं. रोजच्या वहीत त्या दिवशी लिहिलं, पुढची खोली आवरली. बस, एवढंच.

रविवारी दुपारी भाऊजींना कळलं. त्या रविवारी फ्रेमवाला आला नव्हता. त्याने नुकतंच स्वतःचं तसंच मशीन घेतलं होतं, ते लावण्यात गुंतला होता. भाऊजी एकटे बसले. आधी मशीन बंद करून चालू केलं. मग खात्यातून बाहेर पडून परत आत गेले. मग कागदावर पासवर्ड बघून बघून तिसऱ्यांदा. ईमेलमधल्या जुन्या पावत्या काढल्या. त्रेचाळीसच्या त्रेचाळीस होत्या, आणि कपाटात सव्वीस. ते ओळीने नावं लिहून खुणा करत बसले, भिंगं तपासतात तसे. मी भाजी निवडत समोरच होते.

"वहिनी, कोणी हात लावला होता का?"

"मला मेलीला त्यातलं काय कळतंय?" मी म्हणाले.

प्रश्नाला प्रश्न केला म्हणजे खोटं बोललं असं होत नाही, असं मी स्वतःला सांगितलं. होतं. चांगलंच होतं.

त्यांनी कंपनीला लिहिलं. सोमवारी उत्तर आलं: तुमची खरेदी आमच्याकडे नोंदलेली आहे, तुमचं खातं दुसरं कोणी वापरतं का ते तपासा. पासवर्ड माहीत असलेला माणूस एकच. आणि त्याच्याकडे नवं मशीन. भाऊजी रात्रभर मनात दोन आणि दोन चार करत राहिले आणि मंगळवारी सकाळी फुटले.

"माझे खेळ तू तुझ्या मशीनवर नेलेस."

फ्रेमवाल्याच्या हातात तापवलेली फ्रेम होती. ती त्याने खाली ठेवली. "चोर कधी स्वतः किल्ली करून देतो का रे? तो पासवर्ड माझ्याच अक्षरात आहे."

"म्हणूनच तर!"

पुढे गिऱ्हाइकं उभी होती. मालक आत आले. फ्रेमवाला त्यांना म्हणाला, "मला दुसऱ्या शाखेत पाठवा. याच्या शेजारी बसून मला काम होणार नाही." मालकांनी शनिवारपर्यंत विचार कर म्हणून सांगितलं. शनिवारी बदलीचा कागद होणार.

हे सगळं भाऊजींनी मला खिडकीशी उभं राहून सांगितलं. वर म्हणाले, "बाकीच्या खेळांचं काही नाही हो. पण त्यात घोडेवाला होता."

"घोडेवाला कोणता?"

"आईचा. त्यात मारामारी आहे, पण आईला ती नको असायची. म्हणायची, नुसता घोडा फिरव. मग मी तासन्तास माळावरून घोडा फिरवायचो. नदीपाशी नेला की म्हणायची, थांब, पाणी पिऊ दे त्याला. शेवटच्या दिवसापर्यंत. तो घोडा अजून त्या नदीपाशीच उभा आहे. मी पुढे नेलाच नाही."

मला आठवलं. बंदूक घेतलेला माणूस होता चित्रावर. घोडा मागे होता, मी बघितलाच नाही. नऊ वर्षं मी स्वयंपाकघरातून "पाणी पिऊ दे" ऐकत होते आणि सासूबाईंना भ्रम होतो असं समजत होते.

तेव्हा तरी बोलायचं. ते सोडून डबा गरम करून वाढला आणि उरलेल्या दोन काचा पुसल्या.

बुधवारी ह्यांनी जेवताना विषय काढला. "बावीस वर्षांची दोस्ती खेळण्यांपायी घालवली. शाबास."

भाऊजी खाली बघून जेवत होते. मी पोळी वाढायला उठले ती तव्याशीच उभी राहिले.

आज गुरुवार. प्रार्थना झाली. मास्तरीणबाईंनी क्षमेवर दोन शब्द सांगितले. ते मला सुईसारखे टोचले. बाया गेल्या आणि भाऊजी आले. कंपनीचं दुसरं पत्र आलं होतं, या वेळी पायऱ्या लिहिलेल्या. सेटिंगमध्ये जा, कपाट उघडा, लपवलेले दाखवा. ते मोठ्याने वाचत एकेक बटण दाबत होते. मी दारात उभी. शेवटचं बटण दाबलं आणि सतराच्या सतरा चित्रं पडद्यावर आली.

"वहिनी! आहेत! सगळे आहेत!" लहान मुलासारखे ओरडले. घोडेवाला उघडला. संध्याकाळचा उजेड, नदी, आणि काठाशी मान खाली घालून घोडा. दोन मिनिटं आम्ही दोघं बघत राहिलो.

मग त्यांचा चेहरा उतरला. हँडल मांडीवर पडलं.

"म्हणजे माझाच हात लागला असणार. माझ्याच बोटांनी. झोपेत दाबलं असेल. आणि मी त्या माणसाला..." चष्मा काढून ते डोळे चोळायला लागले. "वहिनी, काचेवरून अंगठा फिरवून नंबर सांगतो मी. आणि माणूस ओळखता आला नाही मला. वय झालं माझं."

आता गप्प बसणं अगदी सोपं होतं. कोणाला काही कळलं नसतं. करून सवरून नामानिराळी. त्यांनी सगळं आपल्याच अंगावर ओढून घेतलं होतं, मला फक्त "असू दे हो" म्हणायचं होतं. ते शब्द माझ्या तोंडाशी आलेही होते, हे मी लिहून ठेवते.

"भाऊजी, तुमचा हात नाही लागला. मी झाकले."

मी सगळं सांगितलं. कवट्या, मास्तरीणबाई, पाऊण तास शोधलं ते, आणि रविवारी काय बोलले तेही. मध्ये थांबले नाही, थांबले असते तर परत सुरू करता आलं नसतं.

ते रागावले असते तर बरं झालं असतं. हँडल उचलून त्यांनी बाजूला ठेवलं. मग म्हणाले, "झाकायचंच होतं तर मला सांगायचं ना वहिनी. मी गुरुवारपुरते सगळे काढून ठेवले असते. मला कुठे कोणाला दाखवायचे होते?"

"मला लाज वाटली."

"माझी?"

होय, त्यांचीच. ज्या माणसाने नऊ वर्षं आईची पाठ पुसली, त्याची मला सात बायांसमोर लाज वाटली होती.

त्यांनी फ्रेमवाल्याला फोन लावला. वाजून वाजून बंद झाला. परत लावला. तिसऱ्यांदा त्याच्या बायकोने उचलला आणि म्हणाली, "ते म्हणतात, जे बोलायचं ते दुकानात बोलून झालंय." भाऊजींनी फोन ठेवला. "बरोबर आहे त्याचं," एवढंच म्हणाले.

तेवढ्यात हे आले. त्यांनाही सांगितलं. ते म्हणाले, "तोच जाऊन माफी मागेल. तू कशाला मध्ये? घरातली गोष्ट घरात."

"बोल दुकानात लागला," मी म्हणाले, "तो घरात कसा निघेल?"

"चारचौघांत काय सांगणार तू?"

"जे तुम्हाला सांगितलं तेच. भाऊजी मागून बोलतील. आधी मी."

भाऊजी नुसते म्हणाले, "अकरानंतर गर्दी असते. तेव्हा तो पुढे येऊन गिऱ्हाइकांच्या कानावर फ्रेमा बसवतो."

उद्या शुक्रवार, सकाळी सव्वाअकरा: चष्म्याच्या दुकानात जाणे, फ्रेमवाल्याला भेटणे.